तालुक्याच्या वकिलाचे राजकीय चरित्र लिहिताना

तालुक्याच्या न्यायालयात काळा कोट घालून उभा राहिलेला आणि पुढे मंत्री झालेला माणूस चरित्रासाठी घेतला, की ‘नामांकित वकील’ हे विशेषण पहिल्याच परिच्छेदात आपोआप उमटते. ते लिहिण्यापूर्वी एका कागदावर दोन रकाने आखावेत, डावीकडे न्यायालयातील आणि उजवीकडे चळवळीतील किंवा पक्षातील घटना सनावळीने मांडाव्यात, आणि कोणता रकाना आधी भरू लागतो ते पाहावे.

यशवंतराव चव्हाणांचे उदाहरण घेऊ. कराडमध्ये राष्ट्रध्वज फडकवल्याबद्दल त्यांना १९३२ मध्ये अठरा महिन्यांची शिक्षा झाली. तेव्हा ते शाळकरी विद्यार्थी होते. बी.ए. १९३८ मध्ये आणि एलएल.बी. १९४१ मध्ये झाले, त्यानंतर कराडला वकिली सुरू केली, जून १९४२ मध्ये वेणूताईंशी लग्न झाले आणि ऑगस्टमध्ये ‘चले जाव’ची हाक आल्यावर ते भूमिगत झाले. म्हणजे चळवळीपूर्वीची वकिली जेमतेम वर्षभराची. ‘वकिली सोडून राजकारणात आले’ हे आपल्याकडचे ठरलेले वाक्य इथे उलटे पडते, कारण तुरुंग आधी आहे आणि वकिलीची सनद नंतर. अशा चरित्रात ‘गाजलेले खटले’ शोधत बसण्यापेक्षा, तुरुंगातून आलेल्या मुलाला कायदा शिकावासा का वाटला असेल, हा प्रश्न अधिक फळ देतो.

ज्यांची वकिली खरोखर वीस-पंचवीस वर्षे चालली, त्यांच्या बाबतीत मात्र न्यायालयाच्या कागदांना पर्याय नाही. नकलेसाठी रीतसर अर्ज करावा, पण जुन्या प्रकरणांचे कागद ठरावीक मुदतीनंतर नष्ट केले जातात, हे लक्षात ठेवून फार आशा बाळगू नये. मिळालेल्या प्रकरणात निकालपत्राआधी रोजनामा वाचावा. कोणत्या तारखेला कोण हजर होते, मुदत कोणी मागितली, ते तिथे ओळीओळीने नोंदलेले असते. वकीलपत्रही उलटून पाहावे. पक्षकाराच्या सहीऐवजी तिथे वारंवार अंगठा दिसला, तर अशील कोणत्या थरातले होते याचा तो बोलका पुरावा होय. वाटपाचे दावे, बांधाची भांडणे, कूळकायद्याची प्रकरणे यांतून वकिलाच्या ओळखी गावोगाव पसरतात आणि निवडणुकीत त्याच ओळखी उपयोगी पडतात. हे केवळ म्हणून भागत नाही, अशिलांची गावे नकाशावर खुणावून मतदारसंघाशी ताडून पाहावीत.

जिल्ह्यांची नावे लिहिताना जपावे. यशवंतरावांचे जन्मगाव देवराष्ट्रे १९१३ मध्ये सातारा जिल्ह्यात होते; १९४९ मध्ये दक्षिण सातारा हा वेगळा जिल्हा झाला आणि १९६० मध्ये त्याचे नाव सांगली झाले. तेव्हाचे आणि आजचे अशी दोन्ही नावे द्यावीत, अन्यथा वाचक पत्र पाठवून चूक काढतोच.

निवडणुकांचे आकडे स्मरणिकांतून उचलू नयेत. निवडणूक आयोगाचे सांख्यिकी अहवाल उपलब्ध आहेत. विजयासोबत त्याची फरकाची मतेही द्यावीत. १९५७ मध्ये संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत द्वैभाषिक मुंबई राज्याचे मुख्यमंत्री असलेले यशवंतराव खुद्द कराडमधून थोडक्या मतांनी निवडून आले, आणि ‘लोकप्रिय नेते’ या शब्दांपेक्षा त्या थोडक्या मतांत अधिक इतिहास आहे. पुढची पदे, म्हणजे १ मे १९६० रोजी महाराष्ट्राचे पहिले मुख्यमंत्री, १९६२ मध्ये संरक्षणमंत्री, मग गृह, अर्थ, परराष्ट्र, आणि १९७९ मध्ये उपपंतप्रधान, ही सर्वांना ठाऊक असल्याने एका वाक्यात उरकली तरी चालतात.

नायकाचे आत्मचरित्र असेल, तर ते कुठे थांबते हे आधी पाहावे. यशवंतरावांचा एकच खंड पुरा झाला आणि तो १९४६ च्या आसपास संपतो, त्यामुळे त्यांच्या सत्ताकाळासाठी विधिमंडळाच्या व संसदेच्या कामकाजाचे छापील वृत्तांतच वाचावे लागतात. कंटाळवाणे काम आहे, पण वकिलाची उलटतपासणीची सवय सभागृहात टिकली की नाही, ते तिथेच कळते.

मसुदा छपाईला देण्यापूर्वी तालुक्याच्या न्यायालयातून निवृत्त झालेल्या एखाद्या कारकुनाला वाचायला द्यावा. ‘दरखास्त’ म्हणजे साधा अर्ज नव्हे, हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचे प्रकरण, हे त्याला सांगावे लागत नाही, आणि ‘कैफियत’ला, म्हणजे प्रतिवादीच्या लेखी उत्तराला, कुणी तक्रार समजून बसले असेल तर तेही तो पहिल्याच वाचनात दाखवून देतो.