जमिनीचा दिवाणी दावा मागे घेण्यापूर्वी: गोव्यातील वादींसाठी

जमिनीचा दावा मागे घेण्याचा अधिकार वादीला दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 23, नियम 1 अन्वये मिळतो. दावा दाखल झाल्यानंतर कोणत्याही टप्प्यावर, सर्व प्रतिवादींविरुद्ध किंवा त्यांच्यापैकी काहींविरुद्ध, संपूर्ण दावा किंवा मागणीचा काही भाग वादीला सोडून देता येतो आणि त्यासाठी सर्वसाधारणपणे प्रतिवादीची संमती लागत नाही. मात्र अर्ज लिहिण्यापूर्वी वादीने एका प्रश्नाचे उत्तर स्वतःशी निश्चित केले पाहिजे: याच जमिनीसाठी, याच कारणावरून, पुन्हा न्यायालयात यावे लागण्याची शक्यता आहे का?

ती शक्यता असेल, तर बिनशर्त माघार घेऊ नये. नियम 1 च्या उपनियम 4 प्रमाणे न्यायालयाच्या परवानगीशिवाय दावा मागे घेणाऱ्याला त्याच विषयवस्तूबाबत नवा दावा लावता येत नाही, शिवाय न्यायालय त्याच्यावर खर्च बसवू शकते. शेजाऱ्याने तोंडी समेट केला म्हणून विश्वासाने दावा काढून घेणाऱ्यांचे सर्वाधिक नुकसान येथेच होते. समेट खरोखर झाला असेल, तर तो लेखी करून, उभय पक्षांच्या सह्यांनिशी, नियम 3 खाली न्यायालयापुढे ठेवावा आणि त्यानुसार हुकूमनामा मागावा.

नव्या दाव्याची मुभा उपनियम 3 खाली मागावी लागते. एखाद्या औपचारिक दोषामुळे दावा फेटाळला जाणे अटळ आहे, किंवा नवा दावा लावू देण्यास पुरेसे कारण आहे, याविषयी न्यायालयाची खात्री पटली पाहिजे. सरकार प्रतिवादी असताना संहितेच्या कलम 80 प्रमाणे दाव्यापूर्वी द्यावयाची नोटीस न देणे, दाव्याचे मूल्यांकन चुकणे, मिळकतीच्या ओळखीत गोंधळ असणे, हे अशा दोषांचे नेहमीचे प्रकार आहेत. गोव्यात शेवटचा प्रकार विशेष जपून पाहावा, कारण पोर्तुगीजकालीन भूनोंदणीतील मिळकतीचे वर्णन आणि आजच्या एक-चौदाच्या (जमिनीच्या हक्कनोंदीच्या) उताऱ्यावरील सर्व्हे क्रमांक व उपविभाग यांचा मेळ पुष्कळदा बसत नाही आणि दावा भलत्याच उपविभागावर उभा असल्याचे लेखी जबाब आल्यावर कळते. चूक दावापत्रातील दुरुस्तीने भागणारी असेल, तर आदेश 6, नियम 17 खाली दुरुस्तीच मागावी. साक्षीदार उलटला किंवा पुरावा तोकडा पडला, हा औपचारिक दोष नव्हे. अपिलाच्या टप्प्यावर तर प्रतिवादीच्या बाजूने निकाल झालेला असू शकतो, त्यामुळे न्यायालय ही मुभा फार सावधपणे देते.

अर्जात दोष नेमका कोणता आणि त्यामुळे दावा का टिकणार नाही, हे तपशिलाने लिहावे व सोबत प्रतिज्ञापत्र जोडावे. ‘नव्या दाव्याची मुभा मिळत नसेल तर हा अर्ज आग्रहाने मांडलेला नाही असे समजून मूळ दावा पुढे चालवावा’ असे वाक्य अर्जात स्पष्टपणे घालावे. आदेश झाल्यावर मुभा दिल्याचे शब्द त्यात आले आहेत का, हे त्याच दिवशी वकिलांकडून तपासून घ्यावे. खर्च भरण्याची अट घातली असेल, तर नवा दावा लावण्यापूर्वी तो भरावा.

मुदतीचा हिशेब अर्जाआधीच करावा. नियम 2 प्रमाणे नव्या दाव्याला पहिला दावा जणू लागलाच नव्हता असे समजून मुदत मोजली जाते. मालकी हक्काच्या आधारे ताबा मागण्यास 12 वर्षे, तर हक्क जाहीर करून मागण्यास सामान्यतः 3 वर्षे मुदत आहे. अधिकारक्षेत्राचा किंवा तशाच स्वरूपाचा दोष असल्यामुळे मुभा मिळाली असेल, तर मुदत अधिनियम, 1963 च्या कलम 14 खाली पहिल्या दाव्यात गेलेला काळ वगळून मागता येतो, पण तो दावा सद्भावनेने आणि तत्परतेने चालवलेला असावा लागतो.

वादी अनेक असतील, तर इतरांच्या संमतीशिवाय एकट्याला माघारीची परवानगी मिळत नाही. गोव्यात याला वेगळे महत्त्व आहे. विवाहपूर्व करार नसेल तर सामान्यतः पती-पत्नीची मालमत्ता सामाईक असते आणि दाव्यात दोघांची नावे असतात, म्हणून अर्जावर दोघांच्याही सह्या घ्याव्यात. मुंबईला किंवा परदेशी स्थायिक झालेल्या भावंडांच्या वतीने कोणी सही करणार असेल, तर मुखत्यारपत्रात दावा मागे घेण्याचा अधिकार स्पष्टपणे दिलेला आहे का, हे पाहावे. वादी अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, असल्यास न्यायालयाची परवानगी अनिवार्य आहे. वाटणीच्या दाव्यात प्राथमिक हुकूमनाम्याने सर्वांचे हिस्से ठरल्यानंतर वादीला ते एकतर्फी मोडता येत नाहीत.

माघारीबरोबर वादीला मिळालेला तात्पुरता मनाई हुकूमही संपतो, तेव्हा वादग्रस्त भाटात (बागायतीत) कुंपण किंवा बांधकाम सुरू होण्याचा धोका असेल, तर नव्या दाव्याचे कागद आधी तयार ठेवावेत. प्रतिवादीने प्रतिदावा केला असेल, तर मूळ दावा गेल्यावरही तो चालूच राहतो आणि त्यात हजर न राहिल्यास एकतर्फी निकाल होऊ शकतो. आदेशाची प्रमाणित प्रत घेऊन, मामलेदारांकडे त्याच जमिनीच्या फेरफाराचे प्रकरण प्रलंबित असल्यास, तेथेही ती दाखल करावी.