वाळू उपशाची तक्रार तहसीलला धूळ खात पडलीय? कोर्टात जाण्याआधी या चुका टाळा

रात्री नदीत पोकलेन (खोदकामाचं मशीन) उतरतं, पहाटेपर्यंत हायवा डंपर भरून जातात, गावकरी निवेदन देतात आणि पुढे महिनोन्‌महिने काहीच हलत नाही. गोदावरी, भीमा, गिरणा, कुठेही जा, रड हीच. मग चिडून हायकोर्ट गाठलं जातं आणि तिथे केस ढिली पडते, कारण उपसा झाल्याचे फोटो असतात पण ऑफिसने दिरंगाई केली हे दाखवणारा एकही कागद नसतो.

सगळ्यात जास्त नडते ती तोंडी किंवा व्हॉट्सॲपवरची तक्रार. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात अधिकाऱ्याला काम करायचा आदेश द्या म्हणून जाता तेव्हा कोर्ट आधी बघतं की लेखी मागणी कधी केली आणि त्यावर नकार आला की नुसतं मौन. म्हणून निवेदन आवक विभागातच द्या, आपल्या कॉपीवर शिक्का, आवक नंबर आणि तारीख घ्या, शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्ट करा. आणि त्यात 'योग्य ती कारवाई व्हावी' एवढंच लिहू नका, कारण मग 'मंडळ अधिकाऱ्यांकडे पुढील कार्यवाहीस्तव पाठवले आहे' असं एका ओळीचं उत्तर येतं आणि विषय तिथेच थांबतो. नदीपात्राचं ठिकाण, शेजारचा गट नंबर, तारीख, वेळ, गाडी नंबर, आणि महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली पंचनामा करून दंड लावा, अशी स्पष्ट मागणी पाहिजे.

दुसरं म्हणजे दफ्तर दिरंगाईचा कायदा लोक विसरतातच. २००५ च्या या कायद्याच्या कलम १० प्रमाणे कुठलीही फाईल साधारणपणे ७ कामाच्या दिवसांपेक्षा जास्त एका टेबलावर राहू नये, आणि मुद्दाम उशीर केला तर शिस्तभंगाची कारवाई होऊ शकते. माहिती अधिकारात (उत्तराची मुदत ३० दिवस) फाईल कुणाकडे किती दिवस होती ते मागा. आपल्या दहा पानी वर्णनापेक्षा ऑफिसचा स्वतःचा हा कागद कोर्टात जास्त बोलतो, हे मी अगदी ठामपणे सांगतो.

एनजीटीच्या (राष्ट्रीय हरित लवाद, पर्यावरणाच्या केसेस ऐकणारा) बाबतीत तर फार वाईट वाटतं, कारण चांगल्या केसेस नुसत्या मुदत टळल्यामुळे हातच्या जातात. एनजीटी कायद्याच्या कलम १४ खाली दाद मागायची तर कारण पहिल्यांदा घडलं तिथपासून ६ महिने, सबळ कारण असेल तर वर ६० दिवस, बस. नवीन निवेदन दिलं की मुदत नव्याने सुरू होते असं समजून लोक स्मरणपत्रं देत बसतात आणि वेळ निघून जाते. पात्राच्या नुकसानीची भरपाई किंवा पात्र पूर्ववत करून मागायचं असेल तर कलम १५ मध्ये ५ वर्षं मिळतात. महाराष्ट्रासाठी बेंच पुण्यात आहे.

पोलीस 'हे महसूलचं काम' म्हणाले की परत फिरू नका. नदीतली वाळू चोरून नेणं हा चोरीचा वेगळा गुन्हा होतो आणि पोलीस तो नोंदवू शकतात, हे सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्येच दिल्ली सरकार विरुद्ध संजय या केसमध्ये सांगितलंय. ठाण्यात घेत नसतील तर लेखी एसपींकडे, तरी नाही झालं तर ॲफिडेव्हिट जोडून मॅजिस्ट्रेटकडे.

गाडीमालकांचीही एक चूक होते. वाळूसाठी जप्त झालेली गाडी तहसीलच्या आवारात गंजत असते आणि मालक थेट हायकोर्टात. जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(८) प्रमाणे जप्तीपासून ४८ तासांत गाडी कलेक्टर किंवा अधिकार दिलेल्या डेप्युटी कलेक्टरपुढे हजर करायची असते आणि दंड भरून, बाँड देऊन ती सोडवता येते, तो अर्ज आधी करा. तहसीलदारांचा दंडाचा आदेश मान्य नसेल तर प्रांतांकडे (उपविभागीय अधिकारी) ६० दिवसांत अपील.

शेवटचं, याचिकेतली प्रार्थना, म्हणजे कोर्टाकडची मागणी, नीट मागा. 'निवेदनावर निर्णय घ्या' एवढंच मागितलं तर तेवढंच मिळतं आणि अधिकारी निर्णय घेऊन तक्रार फेटाळूनही लावतो, तो कोर्टाचा अवमान होत नाही, त्या निर्णयाला वेगळं आव्हान द्यावं लागतं. पंचनामा, मोजणी, दंडवसुली अशी नेमकी कामं आणि प्रत्येकाला मुदत मागा. ऑर्डर मिळाली की सर्टिफाईड कॉपी पत्रासोबत आवकमध्ये देऊन पोच घ्या, मुदत टळूनही हालचाल नसेल तर अवमान याचिका १ वर्षाच्या आत टाका.