मोडी दफ्तराची सूची करताय? आधी सन सांभाळा

आयसॅड-जी (अभिलेखांच्या वर्णनाचं आंतरराष्ट्रीय मानक) वाचून झालंय, ईएडीचे (ते वर्णन यंत्राला कळेल असं लिहायच्या पद्धतीचे) टॅग ओळखीचे झालेत, अ‍ॅटम हे सूचीचं सॉफ्टवेअरही चढवलंय, असं धरून चालतो. आयसॅड-जीच्या 26 घटकांपैकी संकेतांक, शीर्षक, निर्माता, काळ, व्याप्ती आणि वर्णनाचा स्तर हे 6 टाळता येत नाहीत. त्यातले 5 हळूहळू अंगवळणी पडतात. काळ मात्र मला अजून घाम फोडतो.

पेशवाईतल्या पत्रावर 'छ 11 जमादिलाखर, सबा सितैन मया व अलफ' असं असतं. 'छ' म्हणजे चांद्र तारीख, पुढे महिना, मग अरबी शब्दांत साल: सात, साठ, शंभर, हजार, म्हणजे 1167. हा नुसता आकडा रकान्यात गेला की घात झालाच म्हणून समजा. सन सुहूर (मराठी दफ्तरातली एक कालगणना) आहे, 599 मिळवा, 1766 येतं; माधवरावांचा काळ. कुणी फसली (महसुली सन) समजून 590 मिळवले तर 1757. हिजरी समजलात तर 1753-54. दोन्हीकडे पत्र नानासाहेबांच्या कारकिर्दीत जाऊन बसतं, पानिपताच्याही आधी! सॉफ्टवेअर हूं की चूं करत नाही. त्याच्या लेखी तारीख वैध असते.

बरं, 599 सुद्धा वर्षभर चालत नाही. सुहूर वर्ष मृगाला बदलतं, महिने मात्र चांद्र. त्याच साली जमादिलाखर नोव्हेंबर 1766 मध्ये येतो आणि जिल्हेज मे 1767 मध्ये. तिथे 600 मिळवायचे. त्यात मोडीत 'सितैन'चं 'सबैन' वाचलं गेलं की आणखी दहा वर्षं गेली.

म्हणून रकाने वेगळे ठेवा: मूळ मजकूर जसाच्या तसा, कोणता सन, आणि काढलेली इसवी तारीख. ईएडीत मूळ तारीख दिसती ठेवून शेजारच्या 'नॉर्मल'मध्ये यंत्राला कळणारी घालता येते. महिना नसेल तर 1766/1767 असा पल्ला लिहा. उगाच एक वर्ष ठोकून देऊ नका. एक्सेलला 1900 च्या आधीची तारीख तारीख म्हणून कळतच नाही, तेव्हा त्याच्या क्रमवारीवर विसंबू नका.

ऑनलाइन कन्व्हर्टरवर माझा काडीचा विश्वास नाही. मोडकांची जंत्री, म्हणजे तारखा जुळवायचं छापील कोष्टक, उघडा. आणि मार्गदर्शक निवडताना पदव्या बघू नका. ज्यानं रुमाल (कागदांचं कापडी गाठोडं) सोडून पुन्हा तसाच बांधलाय, त्याला गाठा. सेमिनारवाले मेटाडेटावर तासभर बोलतील, फेरिस्त (कागदांची यादी) दाखवा म्हटलं की चहाला जातील.

घाबरू मात्र नका. महिन्यांचा क्रम आणि अरबी आकडे बोटांवर बसले की निम्मी भीती जाते. तोवर शंका असलेल्या नोंदीपुढे 'अंदाजे' लिहा. त्यात कमीपणा नाही. मुंबईकर इंग्रजांची पत्रं हाती आली तर 1752 पर्यंत त्यांची तारीख जुन्या ज्युलियन पंचांगामुळे गोव्याच्या पोर्तुगीजांपेक्षा मागे असते. 18 व्या शतकात हा फरक 11 दिवसांचा, त्यासाठी आणखी एक रकाना लागेल.