गावात बुद्धिबळाचा वर्ग कसा चालवायचा: फुरमन नावाच्या मास्तराकडून उसनं घेतलेलं

मी अमळनेरचा. एसटीच्या वर्कशॉपात फिटर होतो. निवृत्त झाल्यावर दिवसभर घरात बसून बायकोच्या कामात लुडबुड करण्यापेक्षा देवळाच्या ओट्यावर पोरांना बुद्धिबळ शिकवायला लागलो. पोरं मला नाना म्हणतात. मध्यंतरी पारोळ्याकडच्या एका शिक्षकांनी विचारलं, "नाना, आम्हालाही वर्ग काढायचाय, सुरुवात कुठून करू?" फोनवर सांगून सगळं डोक्यात राहत नाही, म्हणून लिहूनच देतो.

सामानाचं पटकन उरकतो. पट फ्लेक्सवर छापून घ्या, गुंडाळी करून सायकलला लावता येतो. सोंगट्या जड बुडाच्या घ्या. मी आधी हलक्या घेतल्या होत्या. वैशाखातली एक वावटळ आली आणि चालू डावातले राजे, वजीर, उंट सगळे गटारीत. घड्याळ महाग पडतं, मोबाइलवरचं चालतं. वेळ संध्याकाळी सहानंतरची ठेवा. मे महिन्यात आपल्याकडे पारा पंचेचाळिशीला टेकतो, दुपारी ओट्यावर बूडसुद्धा टेकवत नाही.

आता शिकवण्याचं. यात मी सेम्यॉन फुरमनला गुरू मानतो. नाव फारसं कुणी ऐकलेलं नसतं. १९२० साली पिन्स्कला जन्मला, आयुष्य रशियातल्या लेनिनग्राडला गेलं, आणि कारखान्यात काम करत करत हा माणूस खेळाडू झाला. फिटर माणसाला तो जवळचा वाटणारच. १९४८ च्या सोव्हिएत अजिंक्यपदात ब्रॉनस्टाईन आणि कोटॉव्ह यांच्या पाठोपाठ तो तिसरा आला. तरी ग्रँडमास्टर हा बुद्धिबळातला मोठा किताब मिळाला १९६६ मध्ये, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी. पांढऱ्या सोंगट्या हातात असल्या की हा जगज्जेता आहे, असं त्याच्याबद्दल बोललं जायचं. त्याचं खरं नाव झालं ते मात्र दुसऱ्याला घडवण्यात. तो दुसरा म्हणजे पुढे जगज्जेता झालेला अनातोली कारपॉव्ह.

कारपॉव्ह लहानपणी जगज्जेत्या बॉटविनिकच्या वर्गात गेला होता. या पोराला बुद्धिबळातलं काही कळत नाही, असं तेव्हा बॉटविनिक म्हणाल्याचं सांगतात. जगज्जेत्याचीही पारख चुकते. त्यामुळे पहिल्या आठवड्यात कुठल्याच पोराला हुशार आणि मठ्ठ अशा खणात टाकू नका. फुरमनने हे पोर हाती घेतलं. १९६९ मध्ये कारपॉव्ह स्टॉकहोमला ज्युनिअर जगज्जेता झाला आणि पुढे मास्तर जवळ असावा म्हणून मॉस्कोचं विद्यापीठ सोडून लेनिनग्राडच्या विद्यापीठात आला. आपल्याकडे पोराच्या बापाला चोपड्याहून अमळनेरला आणायचं म्हटलं तरी तो पेट्रोलचा हिशेब मांडतो. असो.

या जोडीतली मला सगळ्यात शिकण्यासारखी वाटते ती गोष्ट अशी, की फुरमन स्वतः बहुतेक वेळा वजिरापुढचं प्यादं सारून डाव उघडायचा आणि चेला त्या वर्षांत मुख्यतः राजापुढचं प्यादं सारायचा. मास्तरने आपला सदरा पोराच्या अंगात कोंबला नाही. मी नेमकं उलटं केलं होतं. मला येणारे सापळे आणि आठ-दहा चालींची पाठांतरं मी पोरांकडून घोकून घेतली. एका तालुका स्पर्धेत आमच्या एका पोरासमोरच्याने चौथ्याच चालीला वेगळं काही खेळलं. पोरगं वीस मिनिटं पटाकडे बघत बसलं आणि हरलं. वर मी त्याला बापासमोर रागावलो. चूक माझी होती, बोलणी त्याने खाल्ली. तेव्हापासून नियम केला: पहिले दोन महिने सुरुवातीच्या चाली शिकवायच्याच नाहीत. पोराला काय खेळावंसं वाटतं ते नुसतं बघायचं. कुणाला सोंगट्या मारायची घाई असते, कुणी कोपऱ्यात कोंडून घेऊन बसतो. सुरुवात निवडायची ती त्याच्या त्या स्वभावावरून.

दुसरं, वही. दोनशे पानी घ्या आणि पानाच्या मधोमध उभी रेघ मारा. डावीकडे चाली, उजवीकडे ती चाल खेळताना मनात काय होतं ते. हरलेला डाव त्याच रात्री लिहायचा. मोबाइलवरच्या इंजिनाला, म्हणजे डाव तपासणाऱ्या प्रोग्रॅमला, तीन दिवस विचारायचं नाही. इंजिन चूक दाखवतं, पण ती का झाली ते पोरालाच माहीत असतं. उजवा रकाना पहिला महिनाभर कोराच राहतो. तरी रेटत राहा. एका पोराने शेवटी लिहिलं, "मन्हा घोडाले जागाच नही ऱ्हायनी." त्या दिवशी मला वर्ग सुरू झाल्यासारखा वाटला.

घोड्यावरून आठवलं. एक डाव प्रत्येक वर्गात दाखवाच. १९७४ साली लेनिनग्राडला आव्हानवीरांच्या, म्हणजे जगज्जेत्याला आव्हान कोण देणार ते ठरवणाऱ्या, उपांत्य सामन्यात कारपॉव्हसमोर स्पास्की होता, माजी जगज्जेता. कारपॉव्हच्या बाजूला सहायक म्हणून फुरमन. पहिला डाव स्पास्कीने जिंकला. पुढे कारपॉव्हने चार जिंकले, सहा बरोबरीत सुटले आणि अकरा डावांत सामना संपला. दाखवायचा तो नववा डाव.

चोविसाव्या चालीच्या आधी थांबा. (पांढऱ्याच्या बाजूने बघताना उभ्या रांगा डावीकडून ए ते एच, आडव्या खालून एक ते आठ; त्यावरून घराचं नाव.) पांढऱ्याचा राजा जी१, वजीर सी४, हत्ती डी२ आणि एफ१, उंट ई३, घोडा सी३, प्यादी ए४, बी२, सी२, ई४, जी२, एच३. काळ्याचा राजा जी८, वजीर ई७, हत्ती ए८ आणि डी८, उंट एच४, घोडा बी४, प्यादी ए५, सी६, ई५, एफ७, जी६, एच५. चाल पांढऱ्याची. पोरांना दहा मिनिटं द्या आणि वहीत तीन चाली लिहायला सांगा. सगळे पुढे धावतात. कारपॉव्हने घोडा सी३ वरून उचलून बी१ वर ठेवला, जिथून तो निघाला होता तिथेच.

आमच्याकडे एक अकरा वर्षांची पोरगी ओरडलीच, "नाना, हाऊ घोडा मांगे काबर जास?"

इथे उत्तर देऊ नका, जीभ चावून धरा. मी विचारलं, "काळ्याची कुठली सोंगटी तुला टोचतेय?" तिने बी४ वरच्या घोड्यावर बोट ठेवलं. "त्याला कोण हाकलेल?" थोडं थांबून, "सी चं प्यादं." "मग हाकल की." तिने प्याद्याला बोट लावलं आणि हसली. "वाट मन्हाच घोडानी अडाई ऱ्हायना!"

मग पुढचं दाखवा. सव्विसाव्या चालीला प्यादं सी३ वर येतं, काळ्याचा घोडा ए६ च्या कडेला जातो आणि ई३ वरच्या उंटामुळे त्याला सी५ वर यायची सोय राहत नाही. पांढऱ्याचा घोडा मात्र डी२ वरून एफ३ वर येऊन कामाला लागतो. तेहतिसाव्या चालीला काळ्याचा घोडा बी८ वर, म्हणजे तोही जिथून निघाला होता तिथेच. दोघंही घरी गेले, पण एक आपण होऊन आणि दुसरा हाकलला म्हणून. चौतिसाव्या चालीला पांढऱ्याचा उंट ई३ वरून सी५ वर येतो. पस्तिसाव्या चालीला पांढऱ्याचा हत्ती काळ्याचा डी८ वरचा उंट मारतो आणि स्पास्की डाव सोडतो. का सोडला, ते पोरांनाच शोधू द्या. काळ्याच्या हत्तीने तो हत्ती मारला की सी५ वरचा उंट कुठे जाईल, एवढाच इशारा पुरे.

या एका डावाला मी चार संध्याकाळी देतो. घाईने दहा डाव दाखवणारे मास्तर मी पाहिलेत, पोरांना दुसऱ्या दिवशी एकही आठवत नाही.

सराव सामन्यांचंही सांगून टाकतो. बॉटविनिक ते गुपचूप खेळायचा, डाव बाहेर जाऊ द्यायचा नाही. १९६०-६१ च्या सुमारास त्याच्यासमोर सरावाला फुरमनही बसायचा. त्याआधी रागोझिन या सरावातल्या जोडीदाराबरोबर खेळताना तर गोंगाटाची आणि तोंडावर धूर सोडण्याची सवय करून घेतल्याची गोष्ट प्रसिद्ध आहे. धुराचं सोडा, गोंगाट आपल्याकडे फुकट मिळतो. देवळात भजन, रस्त्यावर भंगारवाल्याचा भोंगा, लग्नसराईत बँड. पोरं तक्रार करतील, जागा बदलू नका.

शेवटचं, स्वतः खेळत राहा. १९७७ मध्ये पश्चिम जर्मनीत बाड लाउटरबर्गला कारपॉव्ह जगज्जेता म्हणून खेळला आणि पहिला आला. त्याच स्पर्धेत छप्पन वर्षांचा फुरमनही खेळत होता, तो तिसरा आला. पुढच्याच वर्षी मार्चमध्ये तो गेला. फिलिपिन्समधल्या बाग्विओला कोर्चनॉयविरुद्धचा जगज्जेतेपदाचा बत्तीस डावांचा सामना कारपॉव्हला त्याच्याशिवाय खेळावा लागला.

मीही वर्षाला एखादी स्पर्धा खेळतो. मागच्या वेळी तिसऱ्या फेरीत गाठ पडली ती त्याच घोडावाल्या पोरीशी. हरलो. ओट्यावर आलो तर तिने माझ्यापुढे वही आणून ठेवली, मधोमध रेघ मारलेली. डावा रकाना लगेच भरला. उजव्यात काय लिहावं ते तीन दिवस सुचेना. मग लिहिलं: "पोरगी आहे म्हणून हलक्यात घेतलं." तिने वाचलं आणि खाली लाल पेनाने तारीख टाकली.