करंजीला मुरड घालता येते? मग पॅस्टीही जमेल

माझी लेक इंग्लंडात कॉर्नवॉलमधल्या ट्रुरोला नर्स आहे. तिच्याकडे दोन महिने राहिले होते, तेव्हा शेजारच्या आजींनी मला आपल्या ओट्यापाशी उभं करून पॅस्टी शिकवली. मी पहिली कड मुरडली तशी त्यांनी चष्मा लावून ती जवळून पाहिली, आणि उरलेल्या पाचही माझ्यापुढे सरकवल्या. आईनं दिवाळीत कान उपटून शिकवलेली मुरड होती ती. सांगलीला परत आल्यापासून महिन्यातून एकदा तरी घरी पॅस्टी होते.

पॅस्टी म्हणजे भाजलेली, तळहाताहून मोठी करंजी. आत मांस, बटाटा, कांदा आणि स्वीड नावाचा पिवळसर कंद. मसाला म्हणून फक्त मीठ आणि मिरी. कॉर्नवॉलच्या कथलाच्या आणि तांब्याच्या खाणीत उतरणारे कामगार हा डबा न्यायचे. खाणी मंदावल्या तसे ते जगभर पांगले. मेक्सिकोतल्या हिदाल्गो भागात त्यांची पॅस्टी आजही ‘पास्ते’ नावानं मिळते. आपल्या शेजारी कर्नाटकात, कोलारच्या सोन्याच्या खाणीतही हे लोक कामाला होते. सांगलीच्या हळदीला आणि बेदाण्याला जसं भौगोलिक मानांकन आहे, तसं ‘कॉर्निश पॅस्टी’ या नावाला 2011 मध्ये संरक्षण मिळालं. पॅस्टी कॉर्नवॉलमध्येच बनलेली हवी, मुरड डोक्यावर नको, बाजूला हवी, आणि सारण कच्चंच भरायचं, असे त्यांचे नियम आहेत. म्हणजे आपली कायद्यानं कॉर्निश नव्हे, पण कृती तीच.

सहा पॅस्ट्यांसाठी अर्धा किलो मैदा, 75 ग्रॅम बटर, 75 ग्रॅम वनस्पती तूप, चहाचा एक चमचा मीठ आणि साधारण 175 मिली बर्फाचं पाणी. करंजीचं कडकडीत मोहन इथे चालत नाही. बटर आणि तूप फ्रीजमधून काढलेलं, घट्टच हवं. बोटांच्या टोकांनी ते मैद्यात चोळायचं, रवाळ झालं की पाणी थोडं थोडं घालायचं. मग मात्र पाच-सहा मिनिटं जोर लावून मळा. ही पारी कच्चं सारण पोटात घेऊन तासभर भट्टीत बसणार असते, त्यामुळे तिला ताकद लागते. मळलेला गोळा झाकून तीन तास फ्रीजमध्ये. ही वेळ कमी करू नका. घाईत लाटलं तर पारी आक्रसते आणि सारण भरताना फाटते.

आता मटण. तिकडे बीफ घालतात, तेही पोटाच्या भागाचं, आणि ते तासाभरात मऊ होतं. आपलं बोकडाचं मटण तसं नाही. सांगलीत पहिल्यांदा केली तेव्हा मी बोटाच्या पेराएवढे तुकडे घातले. वरची पारी खरपूस आणि आत मटण वातड, पाहुण्यांसमोर फार वाईट वाटलं. तेव्हापासून खाटकाकडून 400 ग्रॅम कोवळं, बिनहाडाचं, मांडीचं मटण आणते आणि घरी धारदार सुरीनं हरभऱ्याच्या डाळीएवढं चिरते. यंत्रातला खिमा घेऊ नका, त्याचा गोळा होऊन बसतो. स्वीड आपल्याकडे मिळत नाही. मी मंडईतून नवलकोल आणते. कोवळा असला की चव छान जुळते. 200 ग्रॅम नवलकोल, 400 ग्रॅम बटाटा आणि 200 ग्रॅम कांदा. बटाटा आणि नवलकोलाच्या छोट्या, पातळ कापट्या करा. किसू नका, पाणी सुटतं. गाजर घालायचा मोह होईल. त्या आजींसमोर मी गाजराचं नाव काढलं होतं, त्यांनी सरळ मान हलवली. मीही घालत नाही.

ओव्हन आधी 200 अंशावर तापत ठेवा. गोळ्याचे सहा भाग करून पोळीपेक्षा जाड, भाकरीपेक्षा पातळ लाटा. मी 22 सेंटिमीटरची ताटली उपडी ठेवून कड कापते. निम्म्या भागावर आधी बटाटा आणि नवलकोल, मग कांदा, वर मटण. प्रत्येक थरावर मीठ आणि जाडसर कुटलेली मिरी. सगळ्या सहांत मिळून दोन सपाट चमचे मीठ आणि दीड चमचा मिरी लागते. मिरीत कंजुषी नको, सगळा झणका तिचाच आहे. शेवटी बटरचा छोटा तुकडा आणि चिमूटभर मैदा. आतला रस त्यानं दाटतो.

कड पाण्यानं ओली करा, दुमडा, दाबा. मग मुरड. डाव्या हाताच्या बोटांनी कड धरायची, उजव्या अंगठ्यानं ती आत दुमडायची, दाबायची, पुढे सरकायचं. करंजीची मुरड नाजूक, देखणी असते. पॅस्टीची दोरासारखी जाड हवी. शेवटचं टोक खाली दुमडून घट्ट दाबा, रस तिथूनच पहिल्यांदा फुटतो. वर सुरीनं एक छोटी चीर द्या, फेटलेलं अंडं लावा. 200 अंशावर 15 मिनिटं, नंतर 170 वर 40 ते 45 मिनिटं. खालचा भागही तांबूस झाला पाहिजे. एक पॅस्टी मधोमध कापा, वाफ जोरात यायला हवी आणि मटण दाताखाली तुटायला हवं. नसेल तर आणखी दहा मिनिटं. घरी ओव्हन नसेल तर दिवाळीत नानकटाई जिथे भाजून आणता, त्याच बेकरीवाल्यांना विचारा. मटण आहे हे मात्र आधी स्पष्ट सांगा, कुणाच्या भट्टीत गुपचूप नेऊ नका.

सासूबाईंना बिनमसाल्याचं मटण गळी उतरेना. त्यांच्या दोन पॅस्ट्यांत मी अर्धा अर्धा चमचा कांदा-लसूण मसाला घालते. छान लागतं, पण त्याला आमच्या घरात मटणाची करंजी म्हणतात. पहिल्या वेळी तुम्ही मीठ-मिरीचीच करून बघा, मटणाचा आणि बटाट्याचा रस एकमेकांत मुरलेला कळतो. श्रावणात चीज, बटाटा आणि कांद्याची करते. तिकडेही ती मिळते.

तासगावजवळ आमची द्राक्षबाग आहे. ऑक्टोबर छाटणीनंतर काड्यांचे डोळे एकसारखे फुटावेत म्हणून त्यांना औषधी पेस्ट लावायची धांदल असते, तेव्हा डबा सोडून भाकरी-कालवण खायला सवड नसते. हे आणि गडी हात साबणानं धुऊन बांधावर बसतात आणि कागदात गुंडाळलेली पॅस्टी टोकापासून खातात. चार तास झाले तरी तिच्या पोटात ऊब असते. खाणकामगारांच्या घरी पॅस्टीच्या एका कोपऱ्यावर नावाचं पहिलं अक्षर काढायचे, म्हणजे अर्धी खाऊन ठेवली तरी कुणाची ते कळायचं. मी उरलेल्या पारीची बारीक वळकटी करून अक्षरं चिकटवते. बिनमिरीची ‘सु’ धाकट्या नातीची. ती आधी अक्षर खाते आणि मग पॅस्टी कुणाची यावरून भावाशी भांडते.