भाडेकरू-मालकाच्या केसमध्ये दावा दुरुस्त करताय? या चुका टाळा

नौपाड्यातल्या आमच्या जुन्या चाळीतल्या एका खोलीचा दावा ठाणे कोर्टात चालू आहे, मालक आम्ही. सासऱ्यांनी दाखल केलेला. त्यात खोली नंबर 7 च्या जागी 17 पडलेलं. दुरुस्तीचा अर्ज दिला, समोरच्यांचं म्हणणं आलं, अर्ज मंजूर झाला आणि आम्ही निर्धास्त झालो. पुढे एका तारखेला न्यायाधीश साहेबांनी मूळ दावा उघडला तर आत 17 तसंच!

तर सगळ्यात मोठी चूक हीच. अर्ज मंजूर झाला म्हणजे फक्त परवानगी मिळाली, दुरुस्ती आपण करायची असते. मूळ दाव्यात जाऊन जुना आकडा खोडायचा, लाल शाईने नवा लिहायचा, समासात ‘निशाणी अमुकवरील हुकमाप्रमाणे’ (निशाणी म्हणजे कोर्टाने अर्जाला दिलेला नंबर) असं लिहून तारीख टाकून वकिलांची सही, आणि मग दुरुस्त दाव्याची प्रत समोरच्यांना द्यायची. हुकमात मुदत दिली नसेल तर 14 दिवसांत, दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 6 नियम 18 बघा. मुदत गेली की परत मुदतवाढीचा अर्ज, परत म्हणणं, परत तारीख. आमचे त्यात पाच महिने गेले आणि कॉस्ट भरली ती वेगळी. म्हणून हुकूम झाला की त्याच आठवड्यात वकिलांना फोन करून विचारा, ‘दाव्यात दुरुस्ती केली का?’ संकोच करू नका, केस तुमची आहे.

दुसरं म्हणजे उशीर. ट्रायल सुरू व्हायच्या आधी कोर्ट दुरुस्तीला बऱ्यापैकी मोकळेपणाने परवानगी देतं. पण 1 जुलै 2002 पासून त्याच आदेश 6 च्या नियम 17 ला अट जोडली आहे, की ट्रायल सुरू झाल्यावर दुरुस्ती हवी तर योग्य ती काळजी घेऊनही हा मुद्दा आधी मांडता आला नसता हे पटवून द्यावं लागतं. आणि ट्रायल म्हणजे उलटतपास असं लोक धरून चालतात, तसं नाहीये, सरतपासाचं शपथपत्र (म्हणजे आपल्या बाजूची लेखी साक्ष) दाखल झालं की ट्रायल सुरू झाली असं सुप्रीम कोर्टाने 2008 मध्ये सांगितलंय. त्यामुळे शपथपत्रावर सही करायच्या आधी दावा किंवा कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) घरी बसून ओळ न् ओळ वाचा: खोली नंबर, चतुःसीमा, भाड्याचा आकडा, थकबाकी कुठल्या महिन्यापासून.

काही गोष्टी मात्र दुरुस्तीने सुधारत नाहीत. थकीत भाड्यासाठी खोली मागायची तर महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 च्या कलम 15 प्रमाणे लेखी नोटीस देऊन 90 दिवस थांबावं लागतं, साठाव्या दिवशीच दावा लावला असेल तर नंतर परिच्छेद वाढवून ती चूक भरून निघत नाही. तसंच खोली बंद ठेवल्याचं कारण. कलम 16 मध्ये दाव्याच्या तारखेच्या लगतचे सलग सहा महिने म्हटलंय, म्हणजे भाडेकरू दावा लागल्यानंतर घोडबंदरला राहायला गेला असेल तर जुन्या दाव्यात ते घुसवण्यापेक्षा नवीन दाव्याचं वकिलांना विचारा. उलट मुलाचं लग्न झालं, जागेची गरज वाढली, अशा नंतर घडलेल्या गोष्टींसाठी दुरुस्ती मागता येते, घडल्यावर लगेच मागा.

वादी किंवा प्रतिवादी वारला तर वारस रेकॉर्डवर आणायचा अर्ज वेगळा असतो, 90 दिवसांत.

आता भाडेकरूंसाठी, कारण माझी सख्खी मावशी पागडीच्या खोलीत राहते आणि तिची काळजी मला आमच्या केसइतकीच आहे. कैफियतीत एकदा ‘आम्ही दरमहा अमुक भाडं देतो’ असं कबूल केलं की नंतर दुरुस्तीच्या नावाखाली ती कबुली काढून टाकता येत नाही, सोबत जादा बचाव घ्यायचा असेल तर तो मागून बघता येतो. आणि मालकाने दावा दुरुस्त केला तर त्याच तारखेला जादा कैफियतीसाठी वेळ मागून घ्या, नाहीतर दाव्यात नव्याने आलेल्या मजकुराला तुमचं उत्तरच रेकॉर्डवर येत नाही.