दिनक्रमावरचा मिनिमलिस्ट लघुपट करताना या चुका टाळा

एक खोली, एक पात्र, संवाद नाहीत. दिनक्रमाच्या चक्रात माणसाचं यंत्र होत जाणं दाखवायला एवढं पुरतं. तरीही असे बरेच लघुपट पकड घेत नाहीत, कारण पात्र पहिल्या शॉटपासूनच निर्जीव असतं.

नटाला ‘रोबोटसारखा वाग’ असं सांगू नका. ज्याच्यात माणूस उरलेलाच नाही, त्याच्याकडून काय हिरावलं गेलं हे प्रेक्षकाला कळणार कसं? समजा पात्र दिवसभर कागदांवर शिक्के मारणारा कारकून आहे. त्याच्या नाकाला खाज सुटते, हात वर जातो, तेवढ्यात घंटा वाजते आणि हात अर्ध्यातूनच कागदाकडे वळतो. नियंत्रण दिसतं ते इथे. राखाडी गणवेश, भिंतीवरचा कॅमेरा, भोंग्यातून येणारे हुकूम यांची गरजच उरत नाही. उलट त्या वस्तू दिसल्या की प्रेक्षकाला अर्थ आयता मिळतो आणि तो बारकाईने बघणं सोडून देतो.

कंटाळा येईल या धास्तीने दिनक्रमाच्या दर फेरीला कॅमेऱ्याचा अँगल बदलणं ही दुसरी मोठी चूक. सगळंच बदलत राहिलं, तर मोडलं काय ते कसं कळावं? बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकरमान यांच्या १९७५ च्या ‘जान दीलमान’ या एका गृहिणीच्या दिनक्रमावरच्या चित्रपटात दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात आणि तेवढ्यानेच पोटात गोळा येतो, कारण तिची शिस्त आपण सावकाश पाहिलेली असते. तो चित्रपट २०१ मिनिटांचा आहे. लघुपटाला तेवढी चैन नाही, पण पहिली फेरी तरी पूर्ण लांबीची ठेवाच. दुसरी आखडती घ्या, तिसरीत काहीतरी चुकू द्या.

प्रत्येक फेरीत फ्रेम तशीच जुळत नसेल तर ट्रायपॉडच्या पायांपाशी जमिनीवर टेप लावा, कॅमेऱ्याची उंची आणि फोकल लेंथ (लेन्स किती झूम आहे ते) वहीत लिहून ठेवा. एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण) आणि व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल) मॅन्युअलवरच हवेत. ऑटोवर भिंतीचा रंग बदलतो आणि लोक त्यातही अर्थ शोधतात.

शेवटी किंकाळी किंवा फोडलेली काच नको. लघुपटभर जपलेला संयम त्या एका शॉटमध्ये वाया जातो.

आणि सलग घुमणारं उदास संगीत काढून टाका. खोलीचा रूम टोन, म्हणजे कुणी हलत-बोलत नसतानाचा तिथला आवाज, वेगळा रेकॉर्ड करा, शिक्क्याचा ठोका जवळून घ्या. एडिट झालं की चित्र बंद करून नुसतं ऐका. फेरी कुठे सुरू झाली नि कुठे अडखळली हे कानाला कळत नसेल, तर टाइमलाइनवर परत जा आणि ठोक्यांमधलं अंतर आधी नीट करा.